कंबर मोजलीत, आता स्वयंपाकघरात या

सार्वजनिक आरोग्य विभाग, महाराष्ट्र शासन येथील मंत्रिमहोदय, सचिव आणि जिल्ह्याजिल्ह्यांतले आरोग्य अधिकारी यांना खुले पत्र

सप्रेम नमस्कार.

तिशी ओलांडलेल्या प्रत्येकाची मधुमेह-रक्तदाबासाठी तपासणी करायची, हे धोरण आता वाड्यावस्त्यांपर्यंत पोचलं आहे. आशाताई घरी येतात, सीबॅकचा, म्हणजे आजाराचा धोका गुणांत मोजणारा फॉर्म काढतात, टेप लावून कंबर मोजतात. बाईची कंबर ८० सेंटिमीटरच्या आत असेल तर शून्य गुण, ८० ते ९० असेल तर एक, त्याच्या वर गेली तर दोन. पुरुषांसाठी हीच मापं ९० आणि १०० ची. वय, तंबाखू, दारू, हालचाल, घराण्यातला आजार असं सगळं धरून बेरीज ४ च्या वर गेली की त्या माणसाला आयुष्मान आरोग्य मंदिरात, म्हणजे जवळच्या सरकारी आरोग्य केंद्रात, तपासणीला बोलवायचं. हे काम मोलाचं आहे. आपल्या लोकांच्या बाबतीत नुसता वजनकाटा फसवतो, हे पुण्याच्या केईएम रुग्णालयातल्या डॉ. चित्तरंजन याज्ञिकांनी जगाला दाखवून दिलं. २००४ साली ‘लॅन्सेट’मध्ये त्यांनी स्वतःचा आणि डॉ. जॉन युडकिन या ब्रिटिश सहकाऱ्याचा एकत्र फोटो छापला होता. दोघांचा बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानाने वजन, अगदी सारखा, २२.३. चरबी मात्र युडकिन यांच्या अंगात ९.१ टक्के, याज्ञिकांच्या अंगात २१.२ टक्के. म्हणून कंबर मोजायलाच हवी. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) ती पहिल्यांदा मोजली, तेव्हा देशातल्या ४० टक्के बायका आणि १२ टक्के पुरुष पोटाच्या स्थूलतेच्या रेषेपलीकडे निघाले.

माझं म्हणणं त्याच्या पुढच्या पायरीबद्दल आहे. रक्तदाब वाढलेला निघाला तर तुमच्याकडे गोळी आहे. साखर वाढलेली निघाली तरी गोळी आहे. वजन वाढलेलं निघालं तर मात्र एक वाक्य आहे: “वजन कमी करा, तेलकट-गोड बंद करा, रोज चाला.” हे वाक्य त्या एका माणसाला सांगितलं जातं, तो किंवा ती मान डोलावून घरी जाते, आणि घरात सगळं होतं तसंच असतं.

मी सांगली जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी आहारतज्ज्ञ म्हणून काम करते. माझ्याकडे येणारी बहुतेक माणसं ते वाक्य दोन-तीन ठिकाणी ऐकून आलेली असतात. मैदा वाईट, साखर वाईट, रात्रीचा भात वाईट, हे तीच मला सांगतात. २०१८ साली ‘दीक्षित की दिवेकर’, म्हणजे दिवसातून दोनदाच जेवायचं की थोडं थोडं वरचेवर खायचं, हा वाद घराघरांत रंगला होता, तेव्हापासून तर आहाराबद्दल मत नसलेलं माणूस मला क्वचितच भेटलं आहे. माहिती भरपूर आहे. ती पाळता येईल असं घर, तशा कामाच्या वेळा, चालायला जागा आणि सोबत, हे फार थोड्यांच्या वाट्याला येतं.

तेलाचंच घ्या. फेब्रुवारी २०२५ मध्ये पंतप्रधानांनी ‘मन की बात’मधून तेल १० टक्क्यांनी कमी करायचं आवाहन केलं. पाठोपाठ कार्यालयांमध्ये तेल-साखरेचे फलक लावा, अशी सूचना केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने काढली. दोन्ही गोष्टी रास्त आहेत. आता चार माणसांचं एक घर धरा. महिन्याला ५ लिटरचा एक डबा संपतो. हिशेब केला तर माणशी दिवसाला ३८ ग्रॅम तेल पडतं, म्हणजे साधारण ३४० किलोकॅलरी नुसत्या तेलाच्या. आम्ही माणशी महिना अर्धा किलो सांगतो, ते दिवसाला १६-१७ ग्रॅम होतं. मधला फरक दिवसाला १९० किलोकॅलरींच्या आसपासचा. वर्षभर टिकला तर वजनावर दिसेल असा हा फरक आहे. पण तो एका माणसापुरता साधायचा कसा? भाजीची कढई घरात एकच असते.

आणि त्या कढईवर सत्ता कुणाची, हे कुठल्याच फॉर्ममध्ये विचारलेलं नसतं. तेल आणतो एक जण, फोडणी घालते दुसरी, चव ठरवतो तिसराच. आमच्या भागात रश्श्यावर तेलाचा कट दिसला नाही की ‘आजाऱ्याचं जेवण केलंय’ म्हणून ताट बाजूला सारणारे सासरे आहेत, मुलगे आहेत. ज्या सुनेला तुम्ही ‘तेल कमी करा’ सांगून पाठवता, तिला घरात ती भाजी करायची मुभा असेलच असं नाही. आणि ज्या नवऱ्याला सांगता, त्याने उभ्या जन्मात तेलाचा चमचा हातात धरलेला नसतो.

चाळिशी ओलांडलेली एक बाई माझ्याकडे येत होती. वजन ८४ किलो, दोन्ही गुडघे दुखत होते, साखर काठावर. तिला जे सांगेन ते ती वहीत उतरवून घ्यायची आणि पुढच्या खेपेला काटा तिथल्या तिथेच असायचा. शेवटी मी म्हटलं, सासूबाईंना घेऊन या. त्या आल्या, जरा नाखुशीनेच. मी सुनेच्या वजनाचा विषयच काढला नाही. त्यांना विचारलं, “मावशी, फोडणीला तेल किती घालता, मला दाखवा बरं.” टेबलावर पाण्याची बाटली आणि पळी ठेवली होती. त्यांनी अंदाजाने पाणी ओतलं, ते मी चमच्याने मोजलं. मोठे सात चमचे भरले. त्या स्वतःच चमकल्या. “एवढं? मी आपली हातानं घालते, मापानं कोण घालतंय?” मग त्यांनीच ठरवलं की दर सोमवारी आठवड्याचं तेल एका बरणीत काढून ठेवायचं आणि रविवारपर्यंत पुरवायचं. बरणी त्यांच्या ताब्यात. सून अर्ध्या वर्षात सव्वाचार किलो उतरली, म्हणजे मूळ वजनाच्या पाच टक्के. गुडघ्यांना तेवढ्यानेही आराम पडला. सासूबाईंचा रक्तदाबही पूर्वीपेक्षा आटोक्यात आला, आणि त्यांना तर कुणी काही सल्ला दिलाच नव्हता.

असं होतं, हे बाहेरच्या अभ्यासांतही दिसतं. २०१८ साली अमेरिकेत १३० जोडप्यांवर एक अभ्यास झाला. जोडप्यातल्या एकालाच वजन कमी करण्याचा कार्यक्रम दिला होता. सहा महिन्यांनी पाहिलं, तर ज्यांना काहीच दिलं नव्हतं अशा जोडीदारांपैकी ३२ टक्क्यांचं वजन तीन टक्के किंवा त्याहून जास्त घटलं होतं. उलट दिशेनेही तेच. अमेरिकेतल्याच फ्रेमिंगहॅम गावातल्या १२,०६७ माणसांच्या ३२ वर्षांच्या नोंदी ख्रिस्टाकिस आणि फाउलर या संशोधकांनी २००७ मध्ये तपासल्या. एखाद्याचा मित्र स्थूल झाला तर तो स्वतः स्थूल होण्याची शक्यता ५७ टक्क्यांनी वाढलेली आढळली, जोडीदार झाला तर ३७ टक्क्यांनी. यात एकमेकांचा प्रभाव किती आणि मुळातच सारखी माणसं जवळ येतात म्हणून किती, यावर संशोधकांत वाद झाला. पण वजन घराघरांत, मित्रामित्रांत एकमेकांसोबत चढतं-उतरतं, हे आम्ही कामावर रोज पाहतो.

बाई घरात शेवटी जेवते. पातेल्यात पावशेर भात, वाटीभर आमटी, मुलाने अर्धी टाकलेली पोळी उरलेली असते. अन्न टाकवत नाही. टाकावं असं मीही कधी सांगणार नाही. ते उरलेलं ती ओट्याशी उभ्याउभ्याच संपवते आणि ते जेवण तिच्या स्वतःच्याही हिशेबात नसतं. ‘काय काय खाता?’ विचारलं की ती ताटातलं सांगते: दोन भाकरी, भाजी, थोडा भात. डॉक्टरांना वाटतं बाई खोटं बोलते. ती खोटं बोलत नाही. जे ताटात वाढून घेतलं नाही, ते जेवण म्हणून तिच्या लक्षातच राहत नाही. उरलेल्याचं काय करायचं, हे घराने मिळून ठरवावं लागतं. मुळात अंदाजाने कमी शिजवणं, सगळ्यांनी एकत्र बसणं, उरलं तर सकाळी त्याचा फोडणीचा भात होणार हे आधीच ठरवणं. एका घरात मुलीने एवढंच सुरू केलं की आईला घेतल्याशिवाय ती जेवायला बसायची नाही. आईचं रात्रीचं खाणं त्याने जितकं आवरलं, तितकं माझ्या कुठल्याही तक्त्याने आवरलं नसतं.

चहाचंही असंच. दिवसात पाच कप, कपाला दोन चमचे साखर, म्हणजे ५० ग्रॅम, २०० किलोकॅलरी. जागतिक आरोग्य संघटना वरून घातलेल्या साखरेची कमाल मर्यादा दिवसाला साधारण एवढीच सांगते आणि ती निम्म्यावर आली तर उत्तम म्हणते. या पाचांतले तीन कप माणूस मागून पीत नाही, ते त्याच्यापुढे येतात. नाही म्हटलं तर घरधनिणीला लागतं. उपासाच्या साबुदाण्याबद्दल, लग्नाच्या पंगतीतल्या आग्रहाबद्दल, दिवाळीच्या डब्यांबद्दल वेगळं लिहीत नाही, ते तुम्हाला ठाऊक आहे.

बाळंतपणाबद्दल मात्र लिहायला हवं, कारण तिथे तुमची यंत्रणा हजर असते. गरोदरपणी प्रत्येक खेपेला वजन घेतलं जातं. बाळ झालं की काटा बाळाकडे वळतो आणि आईचं वजन कुणीच बघत नाही. डिंकाचे लाडू, तूप, शेक, आराम, हे सगळं मायेचं आहे आणि पूर्वीच्या कष्टाच्या, अर्धपोटी आयुष्यात त्याची गरजही होती. पण दोन बाळंतपणांत सात-आठ, सात-आठ किलो अंगावर राहिले की तिशीतच बाईची कंबर ९० ओलांडते. वर कुटुंबनियोजनाच्या ऑपरेशनने अंग सुटतं, असा पक्का समज आहे. नळ्या बांधल्याने हार्मोन बदलत नाहीत, त्या शस्त्रक्रियेत वजन वाढवणारं काही नाही, हे तिला कुणी समजावत नाही. ती ‘आता हे असंच राहायचं’ म्हणून सोडून देते. बाळाच्या लसीकरणाला ती दीड महिन्याने, मग महिन्या-महिन्याने येतच असते. त्याच दिवशी तिची कंबर मोजून दोन शब्द बोलता येतील.

वजन कमी होऊ लागलं की गावात काय होतं, तेही सांगते. पहिले दोन किलो कुणाच्या लक्षात येत नाहीत. पाच-सहा उतरले की बोलणं सुरू होतं. “काय गं, बरं नाही का?” “शुगर लागली का?” “घरात काही झालंय का?” आपल्याकडे अंगाने भरणं म्हणजे खातंपितं घर, सुख. वाळणं म्हणजे आजार, विवंचना, क्षय. माहेरी गेलेल्या लेकीला आई रडून म्हणते, “सासरचे खायला घालत नाहीत का तुला?” मग सासू दुखावते. दोन्ही घरांची अब्रू राखायला ती मुलगी पुन्हा पहिल्यासारखी जेवायला लागते. हे मी एकीच्या बाबतीत पाहिलेलं नाही, कित्येकींच्या बाबतीत पाहिलं आहे. तिच्या निश्चयात काही कमी नव्हतं. नेमक्या त्या दिवसांत गावातल्या चार शहाण्या बायकांनी ‘ती ठरवून करते आहे, चांगलं करते आहे’ एवढं बोलायला हवं होतं. तुमची आशाताई गावात हे सहज बोलू शकते. तिच्या शब्दाला मान आहे.

आता चालण्याबद्दल. फॉर्ममध्ये आठवड्याला १५० मिनिटांच्या हालचालीचा प्रश्न आहे. बाईने चालायचं कुठे आणि कधी? पहाटे पाचला पाणी येतं, साडेसातला डबे, मग शेत किंवा कामाची जागा. संध्याकाळी रस्त्यावर दिवे नाहीत, कुत्री आहेत, गळ्यातलं हिसकावतील ही धास्ती आहे. राज्य रस्त्याच्या कडेने चालावं तर ऊस वाहणाऱ्या ट्रॉल्या अंगावरून जातात. त्यातून एखादी निघालीच तर ‘हिला घरात कामधंदा नाही वाटतं’ हे ऐकावं लागतं. एकटीला ऐकवतात. सहाजणी मिळून निघाल्या की आठवड्याभरात बोलणारी तोंडं बंद होतात आणि महिन्याभरात त्यांच्यात आणखी दोघी येऊन मिळतात. शाळेचं मैदान संध्याकाळी तासभर उघडं ठेवणं, तिथे दोन दिवे लावणं ग्रामपंचायतीच्या हातात आहे. तुमच्या विभागाने ग्रामविकास विभागाला एक पत्र धाडलं तर ते काम औषधांच्या एखाद्या खरेदीइतकंच आरोग्याचं ठरेल.

पुरुषांचं गणित निराळं आहे. एमआयडीसीतली फिरती पाळी, एसटीची मुक्कामी गाडी, पोलिसांचा बंदोबस्त, दुकानाचा गल्ला. झोप मोडली की भूक वाढते, हा अनुभव सगळ्यांचा आहे आणि तो प्रयोगातही उतरला आहे. २०२२ साली शिकागोत कमी झोपणाऱ्या, वजन जास्त असलेल्या माणसांना रोज तासाभराहून जास्त झोप मिळेल अशी तजवीज केली. आहाराबद्दल चकार शब्द न काढता त्यांचं खाणं दिवसाला सरासरी २७० किलोकॅलरींनी उतरलं. आपल्याकडे मुंबईत २०१६ मध्ये देवनार पोलीस ठाण्यापासून पोलिसांसाठी आठ तासांच्या पाळीचा प्रयोग झाला, तो कामाच्या ताणासाठी. वजनाच्या अंगानेही अशा निर्णयांकडे पाहायला हवं. रात्री बारा वाजता सुटणाऱ्या माणसाला ‘रात्री आठनंतर जेवू नका’ सांगून पाठवणं म्हणजे त्याचं काहीच ऐकून न घेणं आहे.

यापुढचं जरा कठोर लिहिते, त्याबद्दल राग मानू नये. जाड माणसाला आपल्या दवाखान्यांत जी वागणूक मिळते ती थांबवा. काटा बाहेर, रांगेपुढे ठेवलेला असतो आणि आकडा मोठ्याने पुकारला जातो. मागचे हसतात. घसा दुखतोय म्हणून गेलेल्या बाईला ‘आधी वजन कमी कर’ ऐकावं लागतं. माझ्याकडे येणाऱ्या एका शिक्षिकेने मासिक पाळीतला अतिरक्तस्राव दोन वर्षं अंगावर काढला, कारण आधीच्या खेपेला तपासणीच्या टेबलावर चढताना कुणीतरी ‘टेबल मोडेल’ म्हणालं होतं. लाज घातली की माणूस सुधारतो, असं अनेकांना प्रामाणिकपणे वाटतं. संशोधन याच्या नेमकं उलट सांगतं: टोमणे सोसणारा माणूस दवाखाना टाळतो, लोकांसमोर व्यायाम टाळतो आणि एकट्यात जास्त खातो. २०२० मध्ये जगभरातल्या तज्ज्ञांनी एकत्र येऊन ‘नेचर मेडिसिन’मध्ये निवेदन काढलं, त्यात हेच स्पष्ट लिहिलं आहे. काटा पडद्याआड ठेवायला पैसे लागत नाहीत. ‘तुमच्या वजनाबद्दल बोललं तर चालेल का?’ एवढं आधी विचारायलाही लागत नाहीत.

इच्छाशक्ती कमी पडते, हा समज तुमच्या अधिकाऱ्यांतही आहे, म्हणून शरीराबद्दल थोडं लिहिते. वजन उतरलं की शरीर ते परत मिळवायला झटतं. भूक वाढवतं, ऊर्जेचा खर्च कमी करतं. अमेरिकेत वजन घटवण्याच्या एका टीव्ही स्पर्धेत उतरलेल्या १४ जणांची केविन हॉल यांनी सहा वर्षांनी तपासणी केली. बहुतेकांचं वजन बऱ्यापैकी परत आलं होतं, तरीही त्यांचं शरीर विश्रांतीत अपेक्षेपेक्षा दिवसाला सुमारे ५०० किलोकॅलरी कमी जाळत होतं. वर मानसिक आजारावरची काही औषधं, स्टेरॉइड, इन्सुलिन यांनीही वजन वाढतं. रुग्णाच्या हातातला औषधांचा कागद न बघता त्याला आळशी ठरवणं अन्यायाचं आहे. मार्च २०२५ पासून वजन उतरवणारं टिर्झेपटाइडचं इंजेक्शन आपल्याकडे मिळू लागलं. ही औषधं परिणामकारक आहेत, ज्यांना गरज आहे त्यांनी डॉक्टरांच्या देखरेखीखाली जरूर घ्यावीत. पण याच जातीच्या सेमाग्लुटाइडचं इंजेक्शन बंद केल्यावर वर्षभरात उतरलेल्या वजनाचं दोन तृतीयांश वजन परत आलेलं दिसलं आहे. औषध चालू असो वा बंद, माणूस जेवायला बसतो त्याच घरात.

मग काय चालतं? चालतं ते कंटाळवाणं आहे, आणि बहुधा म्हणूनच त्याची जाहिरात होत नाही. अमेरिकेच्या मधुमेह प्रतिबंध कार्यक्रमात ३,२३४ माणसं होती. २००२ मध्ये निष्कर्ष आले. ज्यांना जीवनशैली बदलायला मदत केली, त्यांच्यात मधुमेह होण्याचं प्रमाण ५८ टक्क्यांनी घटलं. उद्दिष्ट होतं वजन ७ टक्के उतरवणं आणि आठवड्याला १५० मिनिटं हालचाल. या दोन्ही गोष्टी आपणही सांगतोच. फरक इतकाच की तिथे पहिल्या २४ आठवड्यांत प्रत्येकासोबत १६ बैठका झाल्या होत्या. आपण एक वाक्य सांगतो आणि तोच निकाल मागतो.

आपल्याकडचा दाखलाही आहे. चेन्नईच्या डॉ. ए. रामचंद्रन यांच्या चमूने ५३१ जणांवर असाच अभ्यास केला, तो २००६ मध्ये प्रसिद्ध झाला. आहार-व्यायामाच्या गटात मधुमेहाचं प्रमाण २८.५ टक्क्यांनी घटलं, आणि वजन मात्र जवळपास होतं तेवढंच राहिलं. हे वाचल्यापासून मी काट्यावर हिरमुसणाऱ्या प्रत्येकीला ते सांगते. वजन हललं नाही तरी आत काहीतरी सुधारत असतं. म्हणून तुमच्या अहवालात ‘किती किलो घटले’ हा एकच रकाना ठेवू नका. कंबर, साखर, रक्तदाब धरा, आणि बैठकीला सहा महिन्यांनंतरही किती जण टिकले तेही धरा. नुसता किलोंचा रकाना ठेवलात, तर गावपातळीवर आकडे भरण्यापुरतं काम होईल आणि ज्यांचा काटा हलला नाही ते दारातूनच परत फिरतील.

बैठका घ्यायच्या कुणी, हा प्रश्न तुम्ही विचारणार. आशाताईंवर आणखी एक रजिस्टर लादू नका, त्यांचं कंबरडं आधीच पुरेसं वाकलं आहे. काम द्यायचं तर मोबदल्यासकट द्या. पण गावात गट आहेतच. बचत गटांच्या बायका ठरल्या दिवशी जमतात, हिशेब मांडतात, एकमेकींची हजेरी ठेवतात. त्याच बैठकीला आधीची वीस मिनिटं जोडून घ्या. सीएचओ (आरोग्य मंदिरातले समुदाय आरोग्य अधिकारी) किंवा प्रशिक्षण दिलेली गटातलीच एखादी बाई बोलेल. एका आठवड्याला तेलाचं माप, दुसऱ्याला चहा, तिसऱ्याला उरलेलं अन्न, मग झोप, मग ‘वाळलीस का’ म्हणणाऱ्यांना काय उत्तर द्यायचं. रोज काय खाल्लं ते चार ओळींत लिहायचं. अमेरिकेत २००८ मध्ये सोळाशेहून जास्त माणसांच्या अभ्यासात, रोजच्या रोज नोंद ठेवणाऱ्यांचं वजन न ठेवणाऱ्यांच्या दुप्पट उतरलं होतं. लिहिता येत नसेल तर नात लिहील, नाहीतर मोबाइलवर ताटाचा फोटो काढेल. दीक्षित पद्धत पाळणाऱ्यांचे व्हॉट्सअ‍ॅप गट पाहा. त्या आहाराबद्दल कुणाचं काहीही मत असो, एवढी माणसं त्यात टिकून राहतात ती गटातल्या रोजच्या विचारपुशीमुळे, असं मला वाटतं. पुरुषांसाठी दूध डेअरी आहे, तालमी आहेत, कारखान्याचं गेट आहे. जिथे ते आपणहून जमतात तिथे जावं लागेल.

आणि घरच्यांना बोलवा. बेरीज ४ च्या वर गेली की नुसत्या त्या माणसाला चिठ्ठी देऊ नका. ‘घरात स्वयंपाक करणारी आणि किराणा आणणारा, दोघांनाही सोबत आणावे’ अशी एक ओळ चिठ्ठीवर छापा. पहिल्या भेटीत दहा मिनिटं त्या दोघांशी बोला. महिन्याला तेल किती, साखर किती, जेवायला कोण कधी बसतं, एवढे तीन प्रश्न पुरेत. सल्ला अख्ख्या घराला द्या, म्हणजे एकट्या सुनेला दुसरी भाजी मागायची वेळ येणार नाही आणि ज्याचं वजन जास्त आहे त्याच्याकडे कुणी गुन्हेगारासारखं पाहणार नाही.

पुढच्या वर्षाचे जिल्हा आराखडे तयार होतील तेव्हा यासाठी खर्चाचं एक स्वतंत्र शीर्ष ठेवावं, अशी माझी विनंती आहे. सगळ्या राज्यात एकदम नको. प्रत्येक विभागातला एक तालुका घ्या, कामाच्या पाळ्या आणि शेतीचा हंगाम बघून बैठकांच्या वेळा ठरवा, वर्षभर चालवा आणि आकडे चांगले येवोत वा वाईट, लोकांसमोर ठेवा. आमच्या तालुक्याची निवड झाली तर बैठका घेणाऱ्यांना शिकवायचं काम मी मोबदला न घेता करीन. सासूबाईंना पळीने पाणी ओतायला लावायचं असतं, इथपासून सुरुवात करू.

कळावे,
आपली,
सांगली जिल्ह्यातील एक आहारतज्ज्ञ